बिनघड्याळाची खोली

१

वेळेचा अभ्यास करणारी ती अकादमी शहरात एका गोष्टीसाठी प्रसिद्ध होती: तिथं कुठलंच काम वेळेवर होत नसे. दरवाज्यावर एक घड्याळ, जिन्यात दुसरं, ग्रंथालयात तिसरं, आणि तिघांचं आपसांत कधी पटलं नाही. सकाळची सभा जेवणाच्या तोंडावर भरायची आणि संचालक आल्या आल्या म्हणायचे, "चला, वेळेत सुरू करू या." कोणाला हसूही येत नसे, इतकी सवय झाली होती.

तळमजल्याच्या टोकाला मात्र एक खोली अशी होती, जिच्यात घड्याळ नव्हतंच. भिंती हातभर जाड, आतून कापसाचं अस्तर, खिडकी नाही, एक मंद पिवळा दिवा, मधोमध खुर्ची आणि खुर्चीच्या हातावर घंटीचं बटण. आत बसणाऱ्यानं काहीही करायचं नाही. नुसतं बसायचं, आणि तासभर झाला असं मनानं सांगितलं की बटण दाबायचं. बाहेर दाराला लागूनच असलेल्या टेबलावर घंटी वाजायची. टेबलावरचा माणूस मग बोलायची कळ दाबून एकच प्रश्न विचारायचा, "किती वाटलं?" उत्तर आलं की दार उघडायचं आणि बैठक संपली.

नियम दोनच होते. घंटी वाजून उत्तर आल्याशिवाय दार उघडायचं नाही, आणि ज्यानं बसवलं त्यानंच उठवायचं. दुसरा नियम कोणी आणि कशाला केला हे कोणाला आठवत नव्हतं, पण पाळत सगळेच होते.

ही खोली प्राध्यापकांची. नाव कोणी घेत नसे. अकादमीत प्राध्यापक डझनभर असले तरी नुसतं 'प्राध्यापक' म्हटलं की हेच. वाट पाहणाऱ्या माणसाला वेळ किती वाटतो, हा त्यांचा विषय. या विषयावरच्या त्यांच्या पुस्तकानं त्यांना मोठं केलं होतं. गेलं वर्षभर खोली बंद होती. आता संचालकांनी फारच तगादा लावला, तेव्हा त्यांनी ती उघडली आणि बैठका पुन्हा सुरू झाल्या.

पहिला बसायला आला एक निवृत्त बसकंडक्टर. हौशी माणूस. बसला, घंटी वाजवली, उत्तर दिलं, बाहेर आला आणि चहाचा पहिला घोट घेत म्हणाला, "साहेब, एक बोलू का? तुमच्या खोलीत घड्याळ आहे."

"नाही हो. तेच तर नाहीये आत," प्राध्यापक म्हणाले.

"मग मी काय बहिरा आहे? टिक टिक, टिक टिक. मी आपला त्याच्यावरच मोजत बसलो. जन्म गेला माझा घंटी मारण्यात. मला आवाज कळत नाही होय?"

२

बिनघड्याळाच्या खोलीत घड्याळ आहे म्हणजे सगळ्या कामावर पाणी. प्राध्यापकांनी यंत्रं सांभाळणाऱ्या तंत्रज्ञ बाईंना बोलावलं. बाई वयानं लहान, हातानं हुशार आणि तोंडानं फटकळ. त्यांनी अस्तर उसवलं, दिवा उतरवला, खुर्ची उलटी केली, बटणाची तार पार टेबलापर्यंत तपासली.

"काही नाही, सर. उंदीरसुद्धा नाही. त्या कंडक्टरच्या खिशातच घड्याळ असणार."

"खिसे आपण तपासले होते."

"मग कानात असेल," बाई म्हणाल्या आणि अस्तर पुन्हा शिवायला बसल्या.

संचालकांच्या कानावर गेलं तेव्हा ते एवढंच म्हणाले, "घड्याळ सापडलं तर जिन्यात लावा. तिथलं बंद पडलंय."

दुसऱ्या आठवड्यात एक शाळामास्तरीण येऊन बसली. तिला आधी कोणी काही सांगितलं नव्हतं. बाहेर आल्यावर ती चप्पल घालता घालता थांबली.

"आत काम कोण करतं?"

"म्हणजे?"

"आवाज येतो ना. बारीक. आधी मला घड्याळच वाटलं. पण घड्याळ कधी दमत नाही. हे मध्येच थांबतं. मग पुन्हा सावकाश सुरू होतं. कोणीतरी हातातलं काम थांबवून कान देतंय, असं वाटलं मला."

"कशाला कान देतंय?" प्राध्यापकांनी विचारलं. विचारल्यावर त्यांना वाटलं, नसतं विचारलं तर बरं होतं.

"ते मला काय ठाऊक? दाराकडे असेल."

ती गेली. तंत्रज्ञ बाई काहीतरी चेष्टेचं बोलल्या, ते प्राध्यापकांच्या डोक्यात शिरलं नाही. त्यांची नजर टेबलाच्या खालच्या खणाकडे गेली होती. त्या खणाला कुलूप होतं आणि किल्ली त्यांच्याच जुडग्यात होती. त्यांनी नजर काढून घेतली आणि चष्मा पुसत बसले.

३

खणात अक्काचं विणकाम होतं.

अक्का म्हणजे प्राध्यापकांची थोरली बहीण. आई लवकर गेली, वडील पोटापाण्यासाठी कायम बाहेर, आणि परकर-पोलक्यातल्या अक्काच्या कडेवर हे पोर आलं ते जवळजवळ उतरलंच नाही. शिवण आणि विणकाम करून तिनं त्याला शिकवलं. तिला मागणी घालायला लोक यायचे, तेव्हा ती म्हणायची, "बारक्याचं शिक्षण होऊ दे." शिक्षण झालं तेव्हा म्हणाली, नोकरी लागू दे. नोकरी लागली तोवर विचारणारे यायचे बंद झाले होते. मग दोघं भावंडंच एका घरात राहिली आणि म्हातारी होऊ लागली.

शाळा सुटायची तेव्हा अक्का फाटकाशी उभी असायची. उन्हानं तोंड लाल झालेलं, कपाळावर घाम. "कधी आलीस गं?" की ठरलेलं उत्तर, "आत्ताच रे." परीक्षेला, मुलाखतीला, पुढे दवाखान्यातसुद्धा तेच. बारक्याला ते खरं वाटायचं. लहानपणी वाटणं ठीक होतं. मोठेपणीही वाटत राहिलं.

एकदा गंमत म्हणून त्यांनी तिला त्या खोलीत बसवलं. आत काही न्यायचं नाही म्हणून विणकामाची पिशवी तिनं टेबलावर ठेवली. "सांभाळ हं. टाके निसटतील." बाकीचे लोक तासाच्या आतच कंटाळून घंटी वाजवायचे. अक्काची घंटी वाजता वाजेना. प्राध्यापकांची सगळी कामं आटोपली, ते टेबलाशी येऊन बसले, तेव्हा कुठे ती वाजली.

"किती वाटलं, अक्का?"

"कुठे रे? आत्ताच तर बसले."

मग त्यांनी तिला पुन्हा पुन्हा बसवलं. दर वेळी तेच. त्यावरच ते पुस्तक उभं राहिलं: ज्याचं मन तृप्त, त्याला वेळ टोचत नाही. लोकांना हे फार आवडलं. दूरदूरच्या अकादम्यांतून पाहुणे यायचे आणि विचारायचे, "त्या बाई कुठे आहेत?"

शेवटच्या दिवशीही पाहुणेच आले होते. सकाळी अक्कानं प्राध्यापकांचे काळे बूट पुसून ठेवले, स्वेटरची अर्धी बाही त्यांच्या हाताला लावून पाहिली आणि म्हणाली, "कोपरापर्यंत आली बघ. थंडीच्या आत घालशील." मग जरा थांबून म्हणाली, "बारक्या, आज बसायला नको रे मला. अंग जड वाटतंय."

"अक्का, आजचा दिवस. सगळे तुझ्यासाठी आलेत."

"बरं. तू म्हणतोस तर."

त्यांनी तिला बसवलं, पिशवी खणात ठेवली आणि वरच्या सभागृहात व्याख्यानाला गेले. व्याख्यान रंगलं. शेवटी एका पाहुण्यानं विचारलं, "त्या अजून आत आहेत?" तेव्हा प्राध्यापक हसून म्हणाले, "तिची काळजी करू नका. ती आजही विक्रम मोडणार." टाळ्या पडल्या. मग चहा झाला, फोटो झाले, आणि पाहुण्यांना अकादमी दाखवण्यात दुपार गेली. खाली तंत्रज्ञ बाई दोनदा दारापर्यंत येऊन परत गेल्या. घंटी वाजली नव्हती आणि बसलेली बाई अक्का होती. तिला उशीरच व्हायचा.

दार उघडलं तेव्हा ती खुर्चीत बसलेली होती. डॉक्टर म्हणाले, हृदय बंद पडलं, बराच वेळ झाला असावा. तिचं बोट बटणावर होतं. बटण दाबलेलं नव्हतं.

४

प्राध्यापकांनी खण उघडला तो शाळामास्तरीण येऊन गेल्यावर चार दिवसांनी. भर दुपारी, दिवे लावून, तंत्रज्ञ बाई समोर असताना. एवढी काळजी त्यांनी का घेतली हे त्यांनी स्वतःलाही विचारलं नाही.

राखी रंगाचा स्वेटर घडी घालून ठेवल्यासारखा होता. पाठ झालेली, पुढचा भाग झालेला, डावी बाही झालेली. उजवी बाही सुयांवर. त्यांनी ती आपल्या हाताला लावली. ती मनगटापर्यंत पोचली.

त्या सकाळी कोपरापर्यंत होती. पण त्या सकाळी ते घाईत होते, व्याख्यानाचे कागद चाळत होते. नीट पाहिलं नसेल. अक्का तर 'झालंच की' म्हणायची तेव्हा अर्धं व्हायचं असायचं आणि 'अर्धं झालं' म्हणायची तेव्हा पूर्ण झालेलं असायचं. त्यांनी स्वेटर परत ठेवला, कुलूप लावलं आणि ओढून पाहिलं.

"कोणाचा हो, सर?" बाईंनी विचारलं.

"माझा. व्हायचाय अजून."

पुढच्या आठवड्यात त्यांनी पुन्हा पाहिलं. बाही मनगट ओलांडून बोटांच्या पुढे वीतभर लोंबत होती. वीण एकसारखी, घट्ट, एक टाका इकडेतिकडे नाही. लोकरीचा गुंडा होता तेवढाच होता.

प्राध्यापक खाली बसले. भीती वाटली, नाही असं नाही. पण त्या भीतीच्या खालून दुसरंच काहीतरी वर आलं. अक्काच्या हातून बाही लांब होणं शक्यच नव्हतं. दर चार ओळींनंतर तिची हाक यायची, "बारक्या, हात दे रे." ते वैतागत हात पुढे करायचे, ती माप घ्यायची. मापाला हात मिळाला नाही, तर थांबायचं कुठे हे तिला कळणार कसं?

५

"मला बसवा आत," ते दुसऱ्या दिवशी म्हणाले.

"तुम्हाला?" तंत्रज्ञ बाईंनी त्यांच्याकडे नीट पाहिलं. "सर, बरं वाटत नाही का? चेहरा बघा जरा."

"आवाज मीच ऐकतो एकदा. म्हणजे सोक्षमोक्ष लागेल."

खुर्ची बुटकी होती. अक्का ठेंगणी, म्हणून तिच्यासाठी खुर्चीचे पाय कापून घेतले होते आणि मग ती तशीच राहिली. प्राध्यापक गुडघे वर घेऊन अवघडून बसले. दार लागलं. बाहेरचं जग बंद झालं आणि कानात स्वतःच्याच रक्ताचा आवाज यायला लागला.

ते स्वतःला समजावत राहिले. भिंतीच्या आत लाकूड असतं, ते वाळतं, कडकडतं. दिव्याची तार तापते. दुःखात असलेल्या माणसाचे कान हवं ते ऐकतात, हे त्यांनीच एका प्रकरणात लिहिलं होतं.

मग टिक टिक सुरू झालं.

ते भिंतीतून येत नव्हतं, छतातूनही नाही. ते त्यांच्या मांडीवरून येत होतं. बसलेल्या माणसाचे हात जिथं असतात, तिथून. दोन सुया, एकीवर एक, सवयीच्या लयीत. प्राध्यापकांनी खाली पाहिलं. त्यांचे रिकामे हात खुर्चीच्या हातांवर होते आणि मांडीवर काही नव्हतं.

आवाज थांबला.

कान दिल्यासारखा थांबला. प्राध्यापकांनीही नकळत मान वळवली, आवाज जिकडे कान देत असेल तिकडे. दाराच्या खालच्या कोपऱ्यात रबराची पट्टी झिजली होती. उंच बसलेल्याला ती फट दिसलीच नसती. या बुटक्या खुर्चीतून मात्र बाहेरच्या प्रकाशाची बारीक रेघ दिसत होती, आणि त्या रेघेत आत्ताच दोन काळे ठिपके येऊन थांबले होते. टेबलाशी कोणीतरी आलं होतं. तंत्रज्ञ बाईंच्या चपला.

मग अगदी जवळ कोणीतरी श्वास सोडला, माणूस ओळखीचा नाही असं दिसल्यावर सोडतात तसा, आणि सुया पुन्हा सुरू झाल्या.

प्राध्यापकांच्या सगळं लख्ख ध्यानात आलं. अक्काला वेळ कळत होता. कायम कळत होता, शाळेच्या फाटकाशी कळायचा तसाच. ती त्या फटीकडे बघत बसायची. बारक्याचं काम आटोपून त्याचे पाय टेबलाशी आले की मगच बटण दाबायची, मध्येच बोलावून त्याचा खोळंबा नको म्हणून. आणि त्या दिवशी अंग जड होतं, छातीत दुखत असणार, बोट बटणावर होतं, आणि बारक्याचे पाय आले नाहीत. पाहुणे असतील अजून, असं म्हणून ती थांबली.

त्यांनी बटण दाबलं.

"किती वाटलं, सर?" बाईंचा आवाज आला.

प्राध्यापक त्या रेघेकडे बघत राहिले.

"सर? उत्तराशिवाय उघडता येत नाही. तुम्हीच नियम लावलाय भिंतीवर. किती वाटलं?"

"कळलं नाही," ते कसेबसे म्हणाले. "मला काहीच कळलं नाही."

६

काळे बूट अक्का गेली त्या दिवसापासून माळ्यावर पडले होते. वर्षभर प्राध्यापक कापडी बुटांवरच हिंडत होते. पुसून द्यायला कोणी नव्हतं आणि स्वतः पुसायचं मनाला येत नव्हतं. रविवारी सकाळी त्यांनी बूट काढले आणि बसून घासले. अक्कासारखी चकाकी काही येईना. दुपारी ते घालून ते अकादमीत गेले.

"सर, आज? रविवारी?" पहारेकऱ्यानं विचारलं.

"एक बैठक राहिलीय उठवायची."

पहारेकरी त्यांच्या बुटांकडे बघत राहिला. शहाण्यांच्या नादी लागायचं नाही हे तो नोकरीच्या पहिल्याच महिन्यात शिकला होता.

तळमजला रिकामा होता. उन्हाचा एक पट्टा फरशीवर पडला होता. प्राध्यापकांनी टेबलावरची घंटी चालू केली, खणातून स्वेटर काढून तिच्याशेजारी ठेवला आणि दाराजवळ, झिजलेल्या कोपऱ्यासमोर, पाय जुळवून उभे राहिले. या वयात, असे, बंद दारासमोर, लख्ख बूट घालून. कोणी पाहिलं असतं तर वेड्यात काढलं असतं, आणि ते चुकलं नसतं.

ते वाट पाहत राहिले. जन्मभर वाट पाहण्याचा अभ्यास केलेल्या माणसानं खरी वाट पाहायची ही पहिलीच वेळ होती. पाय दुखायला लागले. छाती जड झाली. वाटलं की जावं. मग वाटलं, ती गेली नव्हती.

घंटी वाजली.

कंडक्टरसारखी दणकून नाही. अगदी हलकी, लगेच सोडून दिलेली. दार ठोठावून संकोचानं मागे सरकावं तशी. अशी घंटी एकाच माणसाची होती.

प्राध्यापकांनी बोलायची कळ दाबली.

"किती वाटलं, अक्का?"

आधी नुसती खरखर आली. मग, त्यांना पाठ असलेला आवाज.

"कुठे रे? आत्ताच तर बसले."

आता दार उघडायचं. नियम तसा होता. इतक्या वर्षांत उत्तर आल्यावर कोणालाच कोणी दुसऱ्यांदा विचारलं नव्हतं. प्राध्यापकांचा एक हात कडीवर गेलाही होता. तो त्यांनी मागे घेतला.

"अक्का, खरं सांग मला. किती वाटलं?"

फार वेळ काहीच आलं नाही. त्यांना वाटलं, गेली. विचारायला नको होतं, तेवढं एक खोटं तरी तिचं तिला ठेवू द्यायचं. मग ती बोलली, आणि आवाज आता थकलेला होता. दोन्ही हातांतल्या जड पिशव्या खाली ठेवल्यावर निघतो तसा.

"फार रे, बारक्या. फार वाटलं."

प्राध्यापकांनी कपाळ दाराला टेकलं. ते रडत होते आणि कळ दाबलेलीच होती, त्यामुळे ते रडणं आत ऐकू जात असणार.

"तुझे पाय दिसेनात," ती म्हणाली. मग नेहमीच्या काळजीनं, "पाहुणे गेले का?"

"गेले, अक्का. केव्हाच गेले."

"मग उघड आता."

त्यांनी कडी काढली. आत पिवळा दिवा होता आणि खुर्ची होती. खुर्चीची गादी दबलेली होती आणि हळूहळू वर येत होती. खुर्चीच्या हातावरून कोणाचा तरी हात उचलला जाताना त्यांना दिसला, की दिसल्यासारखं वाटलं, हे त्यांना पुढे कधीच ठरवता आलं नाही. त्यांनी जास्त पाहिलं नाही. नजर दाराच्या चौकटीवर ठेवून त्यांनी डावं कोपर पुढे केलं, तिचे गुडघे दुखायला लागल्यापासून करायचे तसं.

"ऊठ, अक्का. चल घरी."

कोपरावर वजन आलं.

ते तिच्या चालीनं चालले. दर काही पावलांनी थांबत, बाहेरच्या पायऱ्यांपाशी जरा जास्त. मानही वळवली नाही. शेजारी कापडाची सळसळ होती आणि लोकरीचा, साबणाचा वास होता, घरातला. फाटकाशी पहारेकऱ्यानं दार उघडून धरलं. प्राध्यापक बाहेर पडले तरी तो ते धरूनच होता. जरा मागे सरकून, आदबीनं म्हणाला, "या," आणि मग आपण कोणाला या म्हणालो म्हणून गोंधळून आत बघायला लागला.

रस्त्यावर माणसं होती, वाहनं होती, ऊन उतरत आलं होतं. प्राध्यापक तिला घराकडे घेऊन चालले होते. दुकानांची रांग संपली, वळण आलं, आणि वळल्यावर त्यांच्या लक्षात आलं की आपलं कोपर हलकं झालंय. कुठे सुटला तो हात, फाटकाशी की दुकानांपाशी की वळणावर, ते त्यांना कळलंच नव्हतं. कोपर तसंच पुढे धरून ते रस्त्याच्या कडेला उभे राहिले आणि लहान मूल हरवल्यावर रडतं तसे रडले. एका बाईनं थांबून पाणी दिलं.

७

सोमवारी प्राध्यापकांनी संचालकांना सांगितलं की त्यांचं पुस्तक चूक आहे. तृप्त माणसाला वेळ टोचत नाही हे खोटं आहे. वेळ टोचत असतोच, फक्त काही माणसं सांगत नाहीत.

"आता सांगताय?" संचालक म्हणाले. "नवी आवृत्ती छापायला गेलीय. थोडा वेळ जाऊ द्या."

"नाही," प्राध्यापक म्हणाले. "आता वेळ जाऊ द्यायचा नाही."

कंडक्टर हौसेनं आणखी एकदा बसून गेला. "काढलंत वाटतं घड्याळ," तो बाहेर आल्यावर म्हणाला. "सुनं सुनं वाटलं बुवा."

स्वेटर टेबलावर ठेवला होता तिथंच सापडला. उजव्या बाहीचे टाके बंद केलेले होते, सुया गुंड्यात खोचलेल्या होत्या. शिंपी म्हणाला, वीतभर कापली की झालं, अर्ध्या तासाचं काम. प्राध्यापकांनी नको म्हटलं. थंडीत ते तो घालून टेबलाशी बसतात, उजवी बाही दुमडून दुमडून जाडजूड झालेली. लिहिताना ती सारखी सुटते आणि बोटांवर येते.

आत कोणी बसलेलं असलं की ते चहालासुद्धा उठत नाहीत. घंटी वाजते. ते कळ दाबून विचारतात, किती वाटलं. उत्तर येतं. मग कडीला हात लावायच्या आधी ते आणखी एकदा विचारतात, "खरं सांगा."